मोडका बंध

१

सकाळी साडेनऊला दादा चष्मा पुसायचा, ठकी पेन्सिलीला टोक काढायची आणि टेबलाच्या दोन बाजूंना दोघं बसायची. तीस वर्षं हेच चाललं होतं. दादा मूळ मजकूर मोठ्यानं वाचायचा. ठकी समोरच्या प्रुफावर नजर ठेवायची आणि ऐकलेलं नि छापलेलं जुळलं नाही की तिची पेन्सिल खाली यायची. दादा बासष्टचा, ठकी अठ्ठावन्नची. तिला खरं नाव होतं, पण ते दारावरच्या पाटीवरच राहिलं होतं. बहीणभावांपैकी कुणीच लग्न केलं नाही. कुणी विचारलंच तर दादा म्हणायचा, "हातातली प्रुफं संपली की करू." ती काही संपत नव्हती.

दादाचा आवाज भरदार होता, पण छापखान्यातले लोक त्याला मानत ते आवाजासाठी नव्हे. त्याला लिहिलं असेल तसं वाचता येई. हे वाटतं तितकं सोपं नाही. आपल्या बोलण्यात शब्दाचा शेवट लांबतोच. 'कवि' लिहा नाहीतर 'कवी' लिहा, तोंडातून एकच निघतं. दादाच्या तोंडून दोन वेगळे शब्द निघत. वडिलांनी त्याला लहानपणी समोर बसवून हे शिकवलं होतं. स्वतः वडील मुद्रितशोधक होते आणि चुकीच्या वेलांटीवर त्यांचं जेवण अडायचं. ठकीला त्यांनी नजर दिली, दादाला जीभ. त्यामुळे या जोडीला 'पहिली वेलांटी', 'दुसरी वेलांटी' असं मध्ये मध्ये सांगत बसावं लागत नसे.

वडिलांचा आणखी एक दंडक होता. दुरुस्त केलेली ओळ दुबार वाचायची. ठकीनं खूण केली की दादा ती ओळ सुधारलेल्या रूपात पहिल्यापासून पुन्हा वाचायचा, मगच पुढे जायचं.

त्या सोमवारी छापखान्याच्या मालकांनी नवं काम पाठवलं. 'रवबंध' नावाचा एक फार जुना हस्तलिखित ग्रंथ, त्याची झेरॉक्स आणि पहिली प्रुफं. मालकांची चिठ्ठी होती, 'लेखन आजच्या नियमांप्रमाणे करावे.'

ग्रंथ मजेशीर होता. कुठल्याशा राज्याचं वर्णन होतं, जे कुठल्याच नकाशात नव्हतं. तिथले कुंभार मडक्यांत हाका भरून ठेवत. तिथल्या पहारेकऱ्यांकडे शस्त्रं नव्हती, ते येणाऱ्या सैन्याच्या घोड्यांच्या टापांचा आवाज काढून घेत, आणि आपलेच घोडे ऐकू न आल्यानं सैन्य भेदरून परत जाई. प्रत्येक अध्यायाच्या शेवटी एक 'बंध' होता, म्हणजे आवाज बांधायचा मंत्र. पहिल्या अध्यायाचा बंध असा होता: 'निर यावे, निर राहावे, निर इथे वसावे.'

"निर?" ठकी म्हणाली. "पाणी म्हणायचंय ना याला?"

"पाणीच. अध्याय जलाचा आहे."

"मग नी दीर्घ. तिन्ही ठिकाणी. या लेखनिकाला ऱ्हस्व-दीर्घाचा गंध नव्हता बघ."

तिनं तीन खुणा केल्या. दादानं ओळ दुबार वाचली. त्याच्या तोंडून 'नीर' तीनदा छान लांबलं.

दुपारी चहा ठेवायला ठकी उठली. मोरीतला नळ वर्षभर गळत होता. खाली बादली असायची आणि तिच्यात थेंब पडत राहायचे, टप, टप. त्या आवाजाची घराला इतकी सवय झाली होती की तो थांबल्यावरच ध्यानात यावा. ठकीला वाटलं, नळ दुरुस्त झाला वाटतं. तिनं वाकून पाहिलं. थेंब पडत होते.

२

आधी तिनं बादली हलवली. मग नळ पूर्ण सोडला. धार बादलीत आदळत होती, फेस येत होता, आणि आवाज म्हणून काही नव्हता. दादाला हाक मारली तेव्हा स्वतःची हाक तिला नीट ऐकू आली.

दादा येऊन उभा राहिला. धारेखाली हात धरला. "पाणी तर ओलं आहे," म्हणाला.

"मी चेष्टा करत नाहीये."

"मी तरी कुठे करतोय. कानात मळ असेल दोघांच्या. वय झालं आता."

दोघांच्या कानांत एकाच दुपारी, एकाच आवाजापुरता मळ कसा साठेल, हा प्रश्न ठकीनं विचारला नाही. शहाण्या माणसाला शहाणं उत्तर हवं असतं आणि मळ हे शहाणं उत्तर होतं. दुसऱ्या दिवशी ती कानाच्या डॉक्टरांकडे गेली. त्यांनी नळी घालून पाहिलं, दोन-चार शिट्ट्या ऐकवल्या आणि कान एखाद्या तरुण मुलीसारखे आहेत असं सांगितलं. मग ते हात धुवायला बेसिनशी गेले. नळाचं पाणी खळखळून वाजलं. ठकी ते संपेपर्यंत ऐकत उभी राहिली, तेव्हा डॉक्टरांनी विचारलं, "अजून काही?"

"नाही," ती म्हणाली. घरी येऊन तिनं आधी नळ सोडला. काही नाही.

३

बुधवारी दुसरा अध्याय झाला. 'धातु यावे, धातु राहावे, धातु इथे वसावे.' शेवटचं अक्षर दीर्घ हा तर पहिल्या इयत्तेतला नियम. ठकीनं तीन खुणा केल्या आणि दादानं ओळ दुबार वाचली.

संध्याकाळी तिच्या हातून ताट निसटलं. फरशीवर पडलं, गोल फिरलं, फिरत फिरत आडवं झालं. ठकीनं डोळे मिटून घेतले होते, आवाजाच्या तयारीनं. तो आलाच नाही. मग तिनं मुद्दाम कढईवर झारा मारला. एकदा, दोनदा, जोरजोरात. हाताला झिणझिण्या आल्या.

"छान झालं," दारातून दादा म्हणाला. "तुझी रागावल्यावरची भांड्यांची आदळआपट तरी आता ऐकावी लागणार नाही." पण तो हसला नाही, आणि रात्रीचं जेवण त्यानं अर्धंच केलं.

गुरुवारी सकाळी प्रुफांची चळत नीट करताना ठकीनं जलाध्यायाचं शेवटचं पान उचललं. चष्मा कपाळावर होता म्हणून पान डोळ्यांशी न्यावं लागलं आणि ते कानाजवळून गेलं. टप.

ती जागच्या जागी थांबली. पान पुन्हा कानाशी नेलं. टप, टप. त्यांचाच नळ होता. त्यांच्या नळाचा तिसरा थेंब नेहमी जरा उशिरा पडायचा, तसाच तो आताही उशिरा पडला.

४

"हे काम परत देऊ या," ठकी म्हणाली.

दादानं पान कानाला लावून बराच वेळ ऐकलं होतं. त्यानं ते चळतीत परत ठेवलं, कडा जुळवल्या. "काय सांगायचं मालकांना? पानातून नळ गळतो म्हणून?"

"काहीही सांग. मला बरं नाही म्हणून सांग."

"ठके, आपण अर्धवट काम कधी परत दिलं आहे का? दोन अध्याय राहिलेत. छापील कागदाला घाबरायला लागलो तर आपण करायचं काय? आपल्याला दुसरं काय येतं?"

हे खरं होतं आणि म्हणूनच ती चिडली. पण बसली. तिसरा अध्याय वायूचा. 'वायु'चं 'वायू' करताना तिचा हात जरा रेंगाळला, पण चूक डोळ्यांसमोर असताना तशीच सोडून देणं तिला उभ्या जन्मात जमलं नव्हतं. आपल्या घरात जे चाललं आहे ते ग्रंथामुळे, एवढं तिला कळून चुकलं होतं. त्यात तिच्या पेन्सिलीचा हात आहे, हे मात्र तिच्या डोक्यात आलं नाही. तीस वर्षं जी गोष्ट नीटनेटकेपणा म्हणून केली, ती गुन्हा असेल असं कुणाच्या डोक्यात येईल?

ओळ दुबार वाचून झाली आणि डोक्यावरचा पंखा मुका झाला. फिरत होता. खिडकीचा पडदा फडफडत होता, टेबलावरचे कागद उडू पाहत होते, आणि सगळं काचेपलीकडे चालल्यासारखं. दोघंही वर बघत बसली.

"आता बास, दादा."

"एकच राहिला."

"कशाचा आहे तो?"

दादानं झेरॉक्स चाळली. "वाणीचा," तो म्हणाला.

ठकी उठून उभी राहिली. "मग नाहीच वाचायचा. मनात वाच. मी मनात तपासते."

"मनात वाचून चुका राहतात. अण्णा काय म्हणायचे?" अण्णा म्हणजे वडील. "तू बस. अध्याय वाचू. बंध आला की बघू."

अध्याय वाचताना दादाला रंग चढला. त्यात एका राणीची गोष्ट होती. तिला सगळ्या प्रजेचा आवाज एका कोठीत ठेवायचा होता. ठकीही नकळत ऐकत गेली. आवाज होताच तसा, लहानपणी ताप आला की दादा याच आवाजात तिला काहीबाही वाचून दाखवायचा. बंध आला. 'वाणि यावे, वाणि राहावे, वाणि इथे वसावे.' दादानं तो जसा होता तसा वाचला, तिन्ही वेळा ऱ्हस्व, आणि काहीही झालं नाही.

"बघ," तो म्हणाला. "उगाच घाबरलीस."

आणि ठकीची पेन्सिल खाली आली. तिनं ठरवून केलं नाही. सुटकेचा श्वास टाकता टाकता हात आपल्या कामाला लागला. एक, दोन, तीन खुणा. दादानं खुणा पाहिल्या आणि तोही आपल्या कामाला लागला.

"थांब," ती म्हणाली, पण त्याचं सुरू झालं होतं. "वाणी यावे, वाणी राहावे, वाणी इथे..."

पुढे त्याचे ओठ हलले. 'वसावे' असे हलले. त्यानं घसा खाकरला, आणि ते खाकरणंही ऐकू आलं नाही.

५

ठकीनं त्याला हाताला धरून घराबाहेर काढलं. जिन्यात, रस्त्यावर, पार चौकापर्यंत. "बोल," ती म्हणत होती, "इथे बोल." डॉक्टरांकडचा नळ वाजला होता, तसा घराबाहेर दादाही वाजेल असं तिला वाटलं होतं. पण घरचा नळ घरातच राहतो, माणसाचा आवाज माणसाबरोबर चालतो. चौकात उभा राहून दादा तोंड उघडत होता आणि येणारे जाणारे बघत होते. कुणीतरी तिला विचारलं, "घरी न्यायला मदत करू का?"

डॉक्टरांनी घसा तपासला. सूज नाही, गाठ नाही, सगळं जिथल्या तिथे. थोडा आराम करा, म्हणाले.

घरी येऊन दादा पलंगावर भिंतीकडे तोंड करून पडला. ठकी टेबलाशी बसली आणि झेरॉक्सचं राहिलेलं शेवटचं पान तिनं मनात वाचलं. ग्रंथ उतरवून घेणाऱ्या कुणा लेखनिकाची टीप होती.

'बंधांतील मुख्य शब्द आम्ही समजून उमजून अशुद्ध लिहिले आहेत. आमच्या आधीच्यांनीही तसेच लिहिले. इथे मोडले आहे ते मोडकेच ठेवावे. कोणी शहाण्याने शुद्ध करून वाचले तर सोडवण्याचा उपाय एकच, तोच बंध मोडका वाचावा. तीनही शब्द मोडके पडले पाहिजेत. एक जरी शुद्ध पडला तरी बंध पुन्हा बसतो, आणि वाणीचा बंध वाचणाऱ्याच्याच वाणीवर.'

ठकीनं ते दोनदा वाचलं. मग आपल्या पेन्सिलीकडे पाहिलं. तिला रडू आलं आणि ती मोठ्यानं रडली. घरात आता तेवढाच एक आवाज होता.

उपाय सोपा होता आणि तो करू शकणारा माणूस तिला एकच माहीत होता. तो पलंगावर भिंतीकडे तोंड करून पडला होता.

६

मालकांना वाचायला सांगण्यात अर्थ नव्हता. 'पाणी' आणि 'पाणि' यांतला फरक त्यांना दिसायचादेखील नाही, उच्चारायचा तर दूरच. राहिली ठकी. तिनं जन्मभर ऐकण्याचं काम केलं होतं. वाचणं तिचं नव्हे.

आधी पाण्यावर हात बसवायचा, असं तिनं ठरवलं. तिथे चुकलं तरी बिघडणार नव्हतं, नळ मुकाच होता. दादाला उठवलं, टीप दाखवली, खुर्चीवर बसवलं. नळ थोडा सोडून ठेवला. दादानं एक बोट वर केलं की ऱ्हस्व पडला, दोन केली की दीर्घ. ठकी म्हणाली, "निर." दोन बोटं. "निर." दोन बोटं. ती शब्द तोडून म्हणू लागली, गिळून म्हणू लागली. दोन, दोन, दोन. दादानं तिचं मनगट धरून त्यावर बोटानं टिचकी मारली, इतकाच, एवढाच, असं. अठ्ठावन्न वर्षांची जीभ ती, वळणाची सवय सोडेना.

चार दिवस हे चाललं. मालकांचा फोन आला तेव्हा ठकीनं सांगितलं की दादाचा घसा बसलाय. पाचव्या दिवशी दुपारी दादानं एक बोट वर केलं. मग पुन्हा एक. तिनं सगळी ओळ धरली. "निर यावे, निर राहावे, निर इथे वसावे." एक, एक, एक.

मोरीत धबधब आवाज सुरू झाला. बादली भरून वाहत होती. दोघं मोरीच्या दारात उभी राहून ते ऐकत होती आणि दादाचे खांदे हलत होते. हसतोय की रडतोय ते तिला कळेना, कारण ऐकू येत नव्हतं.

ताटाचं, पंख्याचं नंतर बघू, असं ठकी म्हणाली. आता थांबणं तिला शक्य नव्हतं. दादानं नको म्हणून मान हलवली. आधी सराव, अशी खूण केली. ती म्हणाली, "जीभ बसली आहे आत्ता. उद्या परत घसरेल." तेही खोटं नव्हतं.

७

तिनं वाणीचं पान समोर ठेवलं. आपल्याच तीन खुणा खोडरबरानं पुसल्या, तरी कागदावर त्यांचे वळ राहिले. दादा समोर बसला, हात टेबलावर, बोटं तयार.

"वाणि यावे," ठकी म्हणाली.

एक बोट.

"वाणि राहावे."

एक बोट. आणि त्याच वेळी दादाच्या घशातून काहीतरी आलं. खाकरल्यासारखं, झोपेतून उठलेल्या माणसानं 'हं' म्हणावं तसं. त्याचा आवाज. इतक्या दिवसांनी. दादाचे डोळे मोठे झाले.

तिसरा शब्द तिच्या तोंडातून निघाला तो वाचल्यासारखा निघालाच नाही. लांब गेलेल्या माणसाला परत बोलवावं तसा निघाला, आणि हाक मारताना शेवट लांबतोच.

दादाची दोन बोटं वर आली. ओळ तिच्या तोंडातून पुरी झाली होती.

"परत म्हणते," ती म्हणाली. म्हणजे, म्हणाली असं तिला वाटलं. ओठ हलले, गळा थरथरला. मोरीत पाणी वाजत होतं.

दादानं हात पुढे करून तिच्या हातावर ठेवला. त्याच्या चेहऱ्यावर राग असता तर तिला बरं वाटलं असतं.

मग ठकीनं ते पान उचललं आणि कानाशी नेलं. पान गार होतं. आत आधी वारा होता, त्यांच्या पडद्याची फडफड, जशी कुठल्या तरी लांबच्या खोलीत. मग दादाचा आवाज आला, भरदार, अगदी ठणठणीत. त्याच्यामागोमाग एका बाईचा. स्वतःचा आवाज असा बाहेरून ऐकायची तिला सवय नव्हती, ओळखायला क्षणभर लागला. दोघं बोलत होती. दादा काहीतरी चिडवत होता आणि ती हसत होती. इतकं मनमोकळं ती कधी हसली होती ते तिला आठवेना.

दादानं समोरून बाही ओढली. काय ऐकू येतंय, असं त्यानं डोळ्यांनी विचारलं. ठकीनं थांब म्हणून हात केला.

पानातलं हसणं थांबलं होतं. आतला दादा म्हणाला, "ठके, बाहेर कुणी बसलंय का गं?"

आतली ठकी जरा थांबली. ऐकत असावी.

"नाही," ती म्हणाली. "कुणी नाही."

दादानं पुन्हा बाही ओढली. ठकीनं पेन्सिल घेतली आणि प्रुफाच्या कोऱ्या कडेला लिहिलं, 'काही नाही. वारा आहे.' त्यानं ते वाचलं आणि पान मागण्यासाठी हात पुढे केला. तिनं पान टेबलावर पालथं घातलं आणि त्यावर दोन्ही हात ठेवून बसली.